काळ्या मसाल्यातली थराची मटण-बटाटा हंडी: सहा माणसांच्या रात्रीच्या जेवणासाठी

मटणाच्या रश्श्यात बटाटा दिसला की खान्देशात कुणीही ओळखतो: मटण कमी होतं आणि माणसं जास्त झाली. पाहुणे अचानक दारात आले, की पातेल्यात चार बटाटे चिरून पडतात, दोन तांबे पाणी पडतं आणि रस्सा सगळ्यांना पुरतो. त्यात वाईट काही नाही. पण त्यामुळे बटाट्याला कायमचं भरीचं काम लागलं, हे मला पटत नाही. नीट निवडलेला, जाडसर कापलेला आणि बरोबर वेळेला हंडीत गेलेला बटाटा काळा मसाला जसा पोटात घेतो, तसा मटणाचा तुकडासुद्धा घेत नाही. आमच्या घरी या हंडीतून आधी बटाटे संपतात.

ही हंडी पातळ रश्श्याची नाही. खाली बटाट्याचा थर, मध्ये घट्ट मसाल्यातलं मटण, वर पुन्हा बटाट्याचा थर आणि झाकण बंद करून मंद आचेवर दम. चुलीवर होते, गॅसवर होते, ओव्हनमध्येही होते. सगळं मिळून तीन तास लागतात. त्यातला तासभर हाताला काम असतं, उरलेला वेळ आच काम करते. रविवारी संध्याकाळी पाचला सुरुवात केली, तर साडेआठला पानं घेता येतात.

सामान असं लागेल. हाडासकट मटण 1 किलो, बटाटे 800 ग्रॅम, मोठे कांदे 4, सुकं खोबरं 75 ग्रॅम (साधारण एक मध्यम वाटी), लसणाच्या 20-25 पाकळ्या, दोन इंच आलं, मूठभर कोथिंबीर देठांसकट, काळा मसाला दोन पोह्याचे चमचे भरून, लाल तिखट एक ते दोन चमचे, हळद एक चमचा, मीठ, शेंगदाण्याचं तेल 100 मिली, दोन तमालपत्रं, आणि मिळालं तर केळीचं एक कोवळं पान. टोमॅटो नाही, दही नाही. याचं कारण बटाट्याच्या भागात येईल.

मटण घेताना

दुकानात उभं राहून "एक किलो द्या" एवढंच सांगू नका. दुकानदार चांगला असला तरी त्याला तुमच्या हंडीचं माहीत नसतं. या पदार्थाला पुढच्या पायाचं आणि खांद्याचं मटण सगळ्यात चांगलं, सोबत मानेचे दोन-तीन तुकडे आणि दोन नळ्या. मागच्या रानाचं, म्हणजे मांडीचं, मटण दिसायला देखणं असतं, पण त्यात चिवट पांढरे पदर कमी. बराच वेळ शिजताना हेच पदर विरघळून रश्श्याला चिकटपणा देतात. बोटं एकमेकांना किंचित चिकटावीत, असा रस हवा असेल तर खांदा घ्या. तुकडे लिंबाएवढे मोठे करून घ्या. लहान तुकडे थरात फुटतात आणि हाडांच्या बारीक चिपा लहान मुलांच्या घासात येतात.

घरी आणल्यावर दोन पाण्यांतून धुवा, पाणी पूर्ण निथळू द्या, मग हळद, दोन चमचे मीठ आणि आलं-लसणाचा निम्मा गोळा चोळून अर्धा तास झाकून ठेवा. मे महिन्यात आमच्याकडे पारा 45 अंशांच्या पुढे जातो. तेव्हा हा अर्धा तास ओट्यावर नाही, फ्रिजमध्ये.

ज्या घरांत म्हशीचं मांस खाल्लं जातं, तिथेही ही हंडी याच रीतीने होते आणि फार चांगली होते. राज्यात 2015 पासून गायीबरोबर बैल आणि वळू यांच्याही कत्तलीला बंदी आहे. म्हशीचं मांस त्या बंदीत येत नाही. त्याचे तंतू जाड असतात, म्हणून वेळ वाढवावा लागतो. बकऱ्याचं मटण पातेल्यात 50 मिनिटांत जिथे येतं, तिथे याला दोन तास धरा. कुकरला बकऱ्याला तीन शिट्ट्या पुरत असतील, तर याला पहिल्या शिट्टीनंतर मंद आचेवर 25 ते 30 मिनिटं. पायाचा, नळीभोवतीचा भाग मागा. वरची पांढरी चरबी बरीचशी काढून टाका, तिचा वास मसाल्यावर चढतो. बाकी कृतीत काही बदल नाही.

बटाटा

नवा बटाटा की जुना, हा इथे खरा प्रश्न आहे. हिवाळ्याअखेर येणारा पातळ सालीचा नवा बटाटा पाणीदार असतो. तो आकार सोडत नाही, पण मसालाही फारसा घेत नाही. जुना, जाड सालीचा, हातात जड लागणारा बटाटा पिठूळ असतो. शिजताना त्याच्या कडा हलक्या विरघळतात आणि रस आपोआप दाटतो. थराच्या हंडीला हाच हवा. फक्त शीतगृहातून नुकताच बाहेर काढलेला बटाटा असेल, तर तो चवीला गोडसर लागतो, कारण थंडीत त्यातल्या पिठाची साखर होते. तसा बटाटा घरातल्या टोपलीत, अंधारात आणि हवेशीर जागी आठवडाभर ठेवला की गोडी बरीच उतरते. हिरवट झालेला किंवा मोठे कोंब फुटलेला बटाटा घेऊ नका.

साल काढून करंगळीच्या जाडीच्या गोल चकत्या करा, म्हणजे जवळजवळ एक सेंटिमीटर. त्याहून पातळ केल्या तर दमात लगदा होतो. त्याहून जाड ठेवल्या तर मटण गळून जातं आणि बटाटा मध्ये टणकच राहतो. चकत्या पाण्यात तासभर भिजवत ठेवू नका. काळ्या पडू नयेत म्हणून पाण्यात टाकायच्याच असतील, तर पाच मिनिटांत काढून पुसा. चिरल्यावर वर येणारं पांढरं पीठ रस दाटवायला कामाचं आहे, ते धुऊन टाकायचं नाही.

आता टोमॅटो आणि दह्याबद्दल. आंबट रसात बटाटा लवकर मऊ होत नाही. तासभर शिजवूनही चकती दाताखाली कचकचली, तर बहुतेक वेळा आंबटपणा हेच कारण असतं. आपला काळा मसाला कांदा-खोबऱ्यावर उभा आहे, त्यात आंबट काही नाही, म्हणून बटाटा त्यात इतका छान मुरतो. लिंबू पानात, वरून पिळायचं.

काळा मसाला

वर्षाचा मसाला घरात असेल तर हा भाग सोडून पुढे जा. नसेल तर एवढ्या हंडीपुरता आणि पुढच्या तीन-चार वेळांपुरता मसाला घरी करणं अवघड नाही.

धणे 50 ग्रॅम, सुक्या लाल मिरच्या 25 ग्रॅम, जिरं दोन चमचे, शहाजिरं एक चमचा, तीळ एक मोठा चमचा, खसखस एक चमचा, लवंगा आठ-दहा, काळी मिरी 15 दाणे, दालचिनीचे बोटभर दोन तुकडे, मसाला वेलची तीन, चक्रीफूल एक, जायपत्रीची एक पाकळी, नागकेशर अर्धा चमचा, तमालपत्रं तीन आणि दगडफूल चांगलं मूठभर. दगडफुलात कंजूषी करू नका. खडकावर वाढणारी ही राखाडी, कागदासारखी वस्तू कच्ची असताना मातकट वासाची असते. तेलात पडली की धुराचा, ओल्या जंगलाचा वास सुटतो, आणि खान्देशी मसाल्याची ओळख निम्मी त्या वासात आहे. दगडफूल निवडून घ्या; त्यात सालीचे तुकडे आणि खडे हमखास असतात.

मिरची कोणती घ्यायची हे घराच्या तिखटावर ठरवा. नंदुरबार आणि दोंडाईचा या मिरचीच्या मोठ्या बाजारपेठा आमच्याच भागात, त्यामुळे मिरचीला तोटा नाही. रंगासाठी ब्याडगी आणि झणक्यासाठी लवंगी, निम्मी-निम्मी, हा माझा हिशोब. घरात लहान मुलं असतील तर लवंगी पाव हिस्सा.

भाजणं वेगवेगळं. हीच या मसाल्यातली खरी मेहनत, आणि इथे घाई केली की पुढे कशानेच भरून निघत नाही. लोखंडी कढईत चमचाभर तेल, मंद आच. आधी धणे, ते बदामी होऊन वास आला की बाहेर. मग जिरं-शहाजिरं. मग लवंग, मिरी, दालचिनी, वेलची असे खडे मसाले. लवंग टम्म फुगली की झालं. मग दगडफूल आणि तमालपत्र, अर्ध्या मिनिटाच्या वर नाही. मिरच्या चमचाभर तेलावर, फुगून गडद होईपर्यंत. खिडक्या आधी उघडून ठेवा. शेवटी कोरड्या कढईत तीळ आणि खसखस, कारण हे दोन्ही बघता बघता करपतात. सगळं पूर्ण गार झाल्यावरच मिक्सरमध्ये फिरवा. गरम वाटलं तर वाफ धरून मसाला ओलसर होतो आणि महिन्याभरात जाळी धरतो.

कांदा-खोबऱ्याचं वाटण

मसाला डब्यातला चालेल, वाटण मात्र त्याच दिवशीचं पाहिजे.

चारपैकी तीन कांदे सालीसकट थेट आचेवर ठेवायचे. चूल असेल तर निखाऱ्यांत पुरा, गॅस असेल तर जाळी ठेवून तिच्यावर. वरची साल पेटते, काळी होते, मग फुटते आणि आतून फेसाळ पाणी बाहेर येऊन आचेवर चुरचुरतं. चिमट्याने फिरवत राहा. दहा-बारा मिनिटांनी कांदा दाबला तर पिकल्या फळासारखा मऊ लागला पाहिजे. ताटात काढून गार होऊ द्या, मग वरची कोळशासारखी साल काढा. दुसरी, तपकिरी पडलेली साल ठेवा. धुराची चव तिच्यात असते. कांदा नळाखाली धुवायचा नाही.

खोबऱ्याची वाटी चिमट्यात धरून आचेवर धरा. तेल सुटतं आणि कडेला ज्योत लागते. ती क्षणभर जळू द्या, फुंकून विझवा, बाजू फिरवा, पुन्हा धरा. बाहेरून काळसर, तोडल्यावर आतून तांबूस, असं खोबरं हवं. आतपर्यंत काळं झालं तर हंडी कडू होणार, मग तेवढा भाग खरवडून टाका. ज्यांना आचेवर धरायची भीती वाटते त्यांनी पातळ काप करून कढईत भाजावेत. चव थोडी वेगळी येते, पण कडू व्हायचा धोका जातो.

कांदा, खोबरं, उरलेलं आलं-लसूण आणि कोथिंबीर देठांसकट एकत्र वाटा. पाटा-वरवंटा असेल तर सोन्याहून पिवळं. मिक्सर असेल तर आधी खोबरं कोरडं फिरवून त्याचा भुगा करा, मग बाकीचं घाला आणि पाणी अगदी चमचा-चमचा. वाटण बोटांत घेतल्यावर रवाळ लागलं नाही पाहिजे. खोबऱ्याचे कण राहिले तर रस फुटल्यासारखा दिसतो.

मटण शिजवणं

भांडं पाच लिटरचं, जाड बुडाचं, पसरट. बिडाचं असेल तर उत्तम, कल्हई केलेलं पितळी चालेल. मातीची हंडी वापरणार असाल तर ती आदल्या रात्री पाण्यात बुडवून ठेवा, आच हळूहळू वाढवा आणि तापलेल्या हंडीत कधीही गार पाणी ओतू नका, तडा जातो.

दोन चमचे तेलात तमालपत्र आणि राहिलेला एक कांदा बारीक चिरून परता. मुरलेलं मटण टाका आणि मोठ्या आचेवर सात-आठ मिनिटं परतत राहा. आधी पाणी सुटेल, मग आटेल, मग तुकड्यांवर तपकिरी डाग दिसायला लागतील. ते दिसल्यावरच तीन कप उकळतं पाणी घाला. आच मंद करा आणि वर खोलगट ताट ठेवून त्या ताटात पाणी भरा. ही जुनी रीत आहे आणि अजून तिला तोड नाही. खालची वाफ थंड ताटाला लागून परत आत पडते, मटण कोरडं होत नाही. शिवाय ताटातलं पाणी गरम होत राहतं. आत पाणी कमी वाटलं तर तेच घालायचं.

साधारण 50 मिनिटांनी एक तुकडा चमच्याने दाबून बघा. तंतू सुटायला लागले पाहिजेत, पण मांसाने हाड सोडलेलं नको. पुढे अजून तासभर दम आहे, म्हणून इथे पूर्ण शिजवायचं नाही. या वेळेपर्यंत घरभर वास गेलेला असतो आणि बाहेरच्या खोलीतून "मटन शिजनं का वं?" अशी अहिराणीत चौकशी सुरू होते. त्या चौकशीला उत्तर म्हणून वाटीभर अळणी रस काढून घ्या. लहान मुलांना आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसांना त्यात थोडी मिरपूड घालून गरम-गरम द्या, भाकरीचा तुकडा कुस्करून. ज्यांना तिखट सोसत नाही त्यांचं जेवण निम्मं इथेच होतं. म्हणून ही हंडी तीन पिढ्यांच्या घराला सोयीची.

कुकरची घाई असेल तर हीच पायरी कुकरमध्ये करा, बटाटा मात्र त्यात टाकू नका. शिट्टी आपोआप बसू द्या.

वाटण परतणं

मटण शिजत असताना दुसऱ्या कढईत उरलेलं तेल तापवा. तेल जास्त वाटेल, पण कमी करू नका, हेच तेल पुढे तर्री होऊन वर येतं आणि वरच्या बटाट्यांना रंग देतं. वाटण टाकून मध्यम आचेवर 12 ते 15 मिनिटं परता. सुरुवातीला ते कढईला चिकटेल, मग गोळा होईल, मग कडेने तेल सुटेल. तेल सुटल्यावर आच एकदम मंद करा, मग काळा मसाला आणि लाल तिखट घाला आणि लगेच मटणाचा पळीभर रस ओता. सुकं तिखट गरम तेलात नुसतं राहिलं तर मिनिटाच्या आत करपतं. दोन मिनिटं परतून हा सगळा मसाला मटणात मिसळा, मीठ बघा आणि झाकण न ठेवता दहा मिनिटं उकळू द्या.

मीठ आत्ताच किंचित जास्त लागलं पाहिजे. बटाटे त्यातलं बरंच ओढून घेतात.

रस किती हवा? मटण उपसलं तर खाली अडीच-तीन वाट्या रस उरावा, चमच्याच्या पाठीवर थर धरील इतका दाट. पातळ असेल तर अजून आटवा. कमी असेल तर ताटातलं गरम पाणी घाला.

थर लावणं

बटाट्याच्या चकत्यांना चिमूटभर मीठ आणि हळद लावा. खालच्या थराच्या चकत्या कच्च्याच ठेवा. वरच्या थराच्या चकत्या तव्यावर थोड्या तेलात दोन्ही बाजूंनी हलक्या सोनेरी करून घ्या. खालच्या रसात शिजतात, वरच्या फक्त वाफेवर आणि कडेच्या रसावर, म्हणून त्यांना ही आगाऊ मदत लागते.

हंडीच्या बुडाला आणि बाजूंना तेलाचा हात फिरवा. निम्म्या चकत्या एकमेकींवर किंचित चढवून मांडा, मोकळी जागा ठेवू नका. वर मटणाचे तुकडे सारखे पसरा, नळ्या मध्यभागी. सगळा रस ओता. आता वरचा थर, कडेपासून सुरुवात करून मध्यभागाकडे गोल-गोल. रस वरच्या चकत्यांच्या खालच्या कडेला टेकला पाहिजे, त्यांना बुडवता कामा नये. शेवटी रसावर तरंगणारी तर्री पळीने घेऊन वरच्या चकत्यांवर सोडा.

रावेर-यावलच्या पट्ट्यात केळीच्या बागा आहेत, तिकडे पान मागितलं की मिळतं. पान आचेवरून फिरवून मऊ करा, हंडीच्या तोंडापेक्षा थोडं मोठं कापा आणि चकत्यांवर अलगद बसवा. वाफेचं पाणी थेट बटाट्यांवर न पडता पानावरून कडेला जातं, म्हणून वरचा थर भिजका होत नाही, आणि पानाचा वास लागतो तो वेगळाच. पान नसेल तर झाकणाला आतून स्वच्छ कोरडं सुती फडकं बांधा, टोकं वर घेऊन गाठ मारा म्हणजे आचेला लागणार नाहीत. फडक्याची रीत फक्त गॅसवर वापरा, ओव्हनमध्ये किंवा निखाऱ्यांवर नको.

झाकण ठेवून कडेने सैलसर कणकेची वळकटी लावून बंद करा.

दम

*गॅसवर.* हंडीखाली जाड लोखंडी तवा ठेवा. पहिली पाच मिनिटं मध्यम आच, मग अगदी मंद करून 45 मिनिटं. झाकण उघडायचा मोह टाळा, हंडी हलवूही नका. तव्यामुळे बुडाचा थर करपत नाही, नुसता खरपूस होतो. ती बुडाची खरवड मागायला आमच्याकडे सगळेच पुढे असतात.

*ओव्हनमध्ये.* ओव्हन 180 अंशांवर आधी तापवून घ्या. हंडीचे दांडे आणि झाकणाची मूठ प्लॅस्टिकची नाहीत ना, ते बघा. काचेचं भांडं वापरत असाल तर थर गरम मसाल्याचे आणि भांडं गार, असं करू नका. भांडं कोमट पाण्याने धुऊन पुसून घ्या. झाकून 50 मिनिटं. मग झाकण आणि पान काढा, वरच्या चकत्यांना पुन्हा थोडी तर्री लावा आणि 220 अंशांवर दहा-बारा मिनिटं. वरचा थर कडेने तांबूस-काळसर होतो आणि कुरकुरीत लागतो. ही गोष्ट गॅसवर होत नाही, त्यामुळे ओव्हन असेल तर मी तोच निवडते.

*निखाऱ्यांवर.* शेतात करायची असेल तर लाकडाकडे लक्ष द्या. भरीताची वांगी भाजायला कपाशीच्या काड्या उत्तम, कारण वांग्याला भडका लागतो आणि काम झटपट होतं. हंडीला त्या उपयोगाच्या नाहीत, त्यांचे निखारे दहा-पंधरा मिनिटांत राख होतात. बाभळीचं वाळलेलं लाकूड घ्या, त्याचा निखारा टिकतो. जाळ पूर्ण बसू द्या, निखारे पसरून हंडी त्यावर ठेवा, आणि सपाट झाकणावरही सात-आठ निखारे ठेवा. खाली कमी, वर जास्त, हे प्रमाण. 40 मिनिटांनी हंडी निखाऱ्यांवरून उतरवा.

कुठल्याही रीतीने केलं तरी आच बंद केल्यावर 15 ते 20 मिनिटं हंडी तशीच बंद राहू द्या. या वेळात रस दाटतो, बटाटे आवळतात आणि वाढताना थर फुटत नाहीत.

पानात वाढताना

कणीक फोडून झाकण काढा. उलथनं कडेने बुडापर्यंत घाला आणि तिन्ही थर एकत्र उचला. पळीने ढवळून वाढलं तर सगळी मेहनत वाया.

सोबत कळण्याची भाकरी असेल तर दुसरं काही नको. ज्वारी आणि सालीचे उडीद एकत्र दळून केलेली ही भाकरी चवीला किंचित खारट, पोटाला दमदार, आणि हा घट्ट रस तिच्यावर नीट बसतो. थंडीत बाजरीची. पोळी चालते, पण मला ती या मसाल्यापुढे मऊ पडते. बुक्कीने फोडलेला कांदा, लिंबाची फोड आणि हिरव्या मिरचीचा ठेचा, एवढंच बाजूला. ही हंडी दोन भाकऱ्यांत पोट भरते, म्हणून भाताचा बेत थोडाच ठेवा.

आषाढात, श्रावण लागायच्या आधी, आणि धुळवडीला घर भरलेलं असतं. तेव्हा दोन किलोची एक मोठी हंडी करण्यापेक्षा एक-एक किलोच्या दोन करा. थर तीनच राहिले पाहिजेत. पाच-सहा थर केले तर मधले बटाटे कच्चे राहतात आणि खालचे गळतात. श्रावणात कानबाईचे, म्हणजे आमच्या खान्देशातल्या देवीच्या सणाचे, रोट असतात तेव्हा हीच हंडी मटणाऐवजी वांग्याच्या जाड फोडी घालून होते. ती वीस मिनिटांच्या दमातच तयार होते, मात्र कांदा-लसूण चालतो का हे घरच्या रीतीप्रमाणे बघा.

काही चुकलं तर

चव कडवट आली तर खोबरं किंवा तिखट करपलेलं आहे. अर्धी वाटी भाजलेल्या शेंगदाण्यांचं बारीक वाटण आणि गुळाचा सुपारीएवढा खडा रसात मिसळून पाच मिनिटं उकळा. कडूपणा पूर्ण जात नाही, पण दबतो. हे थर लावण्याआधी करायचं, म्हणून मसाला उकळत असताना चव घ्यायला विसरू नका.

दमानंतर बटाटा कच्चा लागला, तर बहुतेक रस कमी पडला किंवा झाकणातून वाफ निसटली. कडेने अर्धी वाटी उकळतं पाणी सोडा, पुन्हा बंद करा, 15 मिनिटं द्या. रस फार खारट झाला तर पाणी ओतून पातळ करू नका. बिनमिठाची भाकरी आणि साधा भात सोबत घ्या, आणि पुढच्या वेळी पहिल्या चोळण्यातलं मीठ अर्धा चमचा कमी करा.

तर्री फारच वर आली असेल तर ती वाटीत काढून ठेवा. दुसऱ्या दिवशीच्या शेवभाजीला किंवा डाळीला वरून घालायला ती सोनं आहे.

उरलं तर

मसाला रात्रभर मुरतो, म्हणून दुसऱ्या दिवशी चव चढते. पण मटण रात्रभर ओट्यावर ठेवायचं नाही. जेवणं आटोपली की उरलेलं उथळ डब्यात पसरा, म्हणजे लवकर गार होईल, आणि दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा, उन्हाळ्यात तासाभरातच. दोन दिवसांत संपवा. डीप फ्रीझरमध्ये ठेवू नका, बटाटा बाहेर काढल्यावर पाणी सोडतो आणि भुसभुशीत लागतो.

गरम करताना पातेल्यात दोन-तीन चमचे पाणी घालून झाकण ठेवा आणि मधला भागही खदखदेपर्यंत गरम करा. एकदा गरम केलेलं पुन्हा ठेवू नये, म्हणून लागेल तेवढंच बाहेर काढा. मटणाचे तुकडे संपून नुसते बटाटे आणि मसाला उरला, तर तो चमच्याने कुस्करा, चिरलेला कांदा आणि कोथिंबीर घाला, आणि ज्वारीच्या गरम भाकरीत भरून तव्यावर दोन्ही बाजूंनी दाबून भाजा. सकाळच्या डब्याची सोय होते.